माणसाच्या मागे बोलताना

काही वर्षांपूर्वी आमच्या मंडळीतील एक वयोवृद्ध भगिनी देवाघरी गेल्या. त्या एकट्याच राहात असत. दफनविधीनंतरच्या स्मरणसभेत त्यांच्याविषयी चार शब्द बोलण्याचे काम पाळकसाहेबांनी माझ्यावर सोपवले, कारण मी शब्दांत वावरणारा माणूस. मी बोललो. त्या शांत होत्या, प्रार्थनाशील होत्या, कोणाच्या अध्यात ना मध्यात होत्या, मिळेल त्यात समाधानी होत्या, असे मी सांगितले. सभा संपल्यावर परगावाहून आलेली त्यांची भाची माझ्यापाशी आली आणि अत्यंत सौजन्याने म्हणाली, "काका, तुम्ही छान बोललात. पण तुम्ही बोललात ते कोणाविषयी? आमची मावशी शांत नव्हती. ती रागावलेली होती. फक्त तिचा राग ऐकायला कोणी येत नव्हते."

मी खोटे बोललो नव्हतो, असे मी स्वतःला पुष्कळ दिवस समजावीत राहिलो. माझ्या बोलण्यात निंदेचा एकही शब्द नव्हता. तरीही एक गोष्ट मनाला टोचत राहिली. ते सारे शब्द त्या भगिनींना जाणून घेण्यापूर्वीच माझ्याजवळ तयार होते. मंडळीच्या कपाटातील शवपेटीचे आच्छादन जसे कोणाच्याही पेटीवर घालता येते, तसे ते शब्द कोणाही वृद्ध स्त्रीवर पांघरता आले असते.

शेजाऱ्याविषयी खोटी साक्ष देण्याची मनाई करणारी आज्ञा आपण सहसा न्यायालयापुरती, फार तर निंदेपुरती समजतो. पण गोड शब्दांनीही खोटी साक्ष देता येते काय? आणि येत असेल, तर दुसऱ्याच्या आयुष्याविषयी खरे बोलावे तरी कसे? या प्रश्नाचा विचार करताना मला धर्मशास्त्रावरील ग्रंथांपेक्षा एका जर्मन दिग्दर्शकाच्या कारकिर्दीने अधिक साहाय्य केले. त्यांचे नाव एबरहार्ड फेख्नर.

एका अनोळखी स्त्रीचा मृत्यू

फेख्नर यांचा जन्म २१ ऑक्टोबर १९२६ रोजी सायलेशिया प्रांतातील लीग्नित्स येथे झाला. ते शहर आज पोलंडमध्ये असून लेग्नित्सा या नावाने ओळखले जाते. दुसऱ्या महायुद्धाच्या अखेरच्या काळात ते सैनिक होते. युद्धानंतर त्यांनी बर्लिनमध्ये अभिनयाचे शिक्षण घेतले आणि नट व नाट्यदिग्दर्शक म्हणून अनेक वर्षे काम केले. १९६० नंतरच्या आरंभीच्या वर्षांत मिलान येथील पिक्कोलो तेआत्रोमध्ये जोर्जो स्ट्रेलर या विख्यात दिग्दर्शकाच्या हाताखाली त्यांनी उमेदवारीही केली. पुढे हॅम्बर्गच्या उत्तर जर्मन प्रसारण संस्थेत एगॉन मोंक यांच्या दूरचित्रवाणी-नाट्य विभागात ते दाखल झाले. रंगभूमीवर दुसऱ्याने लिहिलेली वाक्ये बोलणारा हा माणूस वयाच्या चाळिशीनंतर उलट दिशेने निघाला. सामान्य माणसे स्वतःविषयी जे बोलतात, तेच आपले नाटक, असे त्याने मानले.

१९६९ च्या मार्च महिन्यात पश्चिम बर्लिनमधील वेडिंग या कामगारवस्तीत क्लारा हायडेब्रेक नावाच्या ७२ वर्षांच्या अविवाहित, निवृत्त स्त्रीने आपल्या घरी स्वतःचे जीवन संपवले. ती प्रसिद्ध नव्हती, कोणत्याही खटल्यात गुंतलेली नव्हती. मोठ्या शहरात अशा घटनेची पोलीसदप्तरी नोंद होते, घर रिकामे केले जाते आणि पाटीवरील नाव बदलते. फेख्नर यांनी तिला जिवंतपणी कधी पाहिले नव्हते. तिच्या घरात राहिलेले कागद, दाखले आणि पावत्या त्यांनी तपासल्या. तिचे नातेवाईक, शेजारी आणि पूर्वीचे सहकारी यांना भेटून प्रत्येकाकडून, त्याला ती जितकी ठाऊक होती, तितकीच मागून घेतली. त्यातून सुमारे एक तासाचा चित्रपट तयार झाला.

ही स्त्री कैसरच्या राजवटीत जन्मली होती. दोन महायुद्धे, पैशाला कागदाचीही किंमत न राहिलेले १९२३ साल, हिटलरची बारा वर्षे आणि भिंतीने दुभंगलेले शहर, हे सर्व तिच्या आयुष्यातून गेले होते. जर्मनीच्या शतकाचा सारा इतिहास तिच्या खोलीतून वाहून गेला. परंतु एकाच जिन्यावर राहणाऱ्या माणसांना तिच्याविषयी सांगता येण्याजोगे फार थोडे होते. चित्रपट तिच्या मृत्यूचे एकच एक कारण देत नाही. कारण सापडले की पाहणाऱ्याची सुटका होते. फेख्नर ती सुटका देत नाहीत.

या चित्रपटाचे नाव अनुवादकाला विचारात पाडणारे आहे. मृत व्यक्तीविषयी गौरवाने जे बोलले जाते त्याला जर्मन भाषेत 'नाख्रुफ' म्हणतात. फेख्नर यांनी तो शब्द टाळून 'नाख्रेडे' हा शब्द योजिला. 'नाख' म्हणजे नंतर किंवा मागून, आणि 'रेडे' म्हणजे बोलणे. नंतर बोललेले ते नाख्रेडे. परंतु पाठीमागे केलेली कुजबूज, तीही नाख्रेडेच. जर्मन दंडसंहितेत बदनामीच्या एका गुन्ह्याचे नाव 'वाईट नाख्रेडे' असेच आहे.

या शब्दाला मराठीत प्रतिशब्द शोधू लागलो तेव्हा ध्यानात आले की, आपल्या भाषेने ही दुहेरी गाठ आधीच बांधून ठेवली आहे. 'त्यांच्या मागे पत्नी व दोन मुले आहेत' असे आपण निधनवार्तेत लिहितो, आणि 'माणसाच्या मागे बोलू नये' असे मुलांना शिकवितो. दोन्हीकडे शब्द एकच, 'मागे'. जो माणूस आता उत्तर देऊ शकत नाही, त्याच्याविषयी आपण बोलत आहोत, एवढेच तो शब्द सांगतो. आपण गौरव करीत आहोत की निंदा, हा प्रश्न त्यानंतरचा आहे. मुळातला धोका ऐकणाऱ्याच्या अनुपस्थितीत आहे.

येथे आपल्या मंडळ्यांनीही थोडे अंतर्मुख व्हावे. ज्यांनी स्वतःचे जीवन संपवले त्यांना ख्रिस्ती मंडळीने शतकानुशतके दफनविधी नाकारला. त्या नकारामागे ईश्वरविज्ञानाची कारणे होती, हे मला ठाऊक आहे. तथापि त्या माणसाचे सत्तर वर्षांचे आयुष्य त्याच्या अखेरच्या एका तासात कोंबून टाकणे, ही सुद्धा एक साक्षच होती, आणि ती खरी होती असे मला म्हणवत नाही.

एका मेजाभोवती न बसलेली माणसे

क्लारा हायडेब्रेकच्या चित्रपटापासून फेख्नर यांची पद्धत रूपाला येत गेली. ते एकेका माणसाला त्याच्या घरी भेटत व त्याला दीर्घकाळ बोलू देत. मग सर्वांचे बोलणे ते वाक्यावाक्याने तपासून असे जोडत की, एकाच्या वाक्याला दुसऱ्याचे वाक्य उत्तर देई, तिसऱ्याचे त्याला छेद देई आणि चौथ्याचे सारे संभाषण पुढे नेई. कधीही एकत्र न बसलेली माणसे जणू एकाच मेजाभोवती बसून बोलत आहेत, असा भास होई. निवेदन असलेच तर अगदी थोडे असे.

'वर्गाचे छायाचित्र' या दोन भागांच्या अनुबोधपटाचे आरंभस्थान बर्लिनमधील एका माध्यमिक शाळेच्या वर्गाचे, नाझी राजवटीत काढलेले छायाचित्र आहे. त्यातील मुले आता प्रौढ पुरुष होऊन आपली आठवण सांगतात. १९७५ साली वाल्टर केम्पोव्स्की यांच्या आत्मचरित्रात्मक कादंबरीवरून फेख्नर यांनी रोस्टॉक शहरातील एका मध्यमवर्गीय कुटुंबाची कथा दूरचित्रवाणीसाठी दोन भागांत चित्रित केली आणि १९७९ साली तिचा उत्तरार्ध तीन भागांत केला. तिच्यात नट होते, लिहिलेले संवाद होते. परंतु तेथेही प्रश्न हाच होता की, भली, सुशिक्षित, देवळात जाणारी माणसे घराबाहेर अनर्थ घडत असता घरात काय बोलत होती.

१९७६ साली त्यांनी 'कॉमेडियन हार्मोनिस्ट्स' या गायकवृंदावर अनुबोधपट केला. सहा जणांचा हा वृंद १९२८ च्या सुमारास बर्लिनमध्ये उदयास आला आणि पाहता पाहता युरोपभर गाजला. सहापैकी तिघे ज्यू वंशाचे होते, म्हणून १९३५ साली नाझी सरकारच्या संगीतमंडळाने त्यांच्या एकत्र गाण्यावर बंदी घातली. चित्रपटाच्या वेळी वृंदातील चौघे हयात होते. एक बर्लिनमध्ये होता, एक हॅम्बर्गमध्ये, एक बल्गेरियातील सोफिया शहरात, तर चौथा रोमान सिकोव्स्की अमेरिकेत कॅलिफोर्नियात होता व तो ज्यूंच्या प्रार्थनामंदिरात स्तोत्रगायक झाला होता. फेख्नर चौघांकडे गेले. वृंद कोणामुळे मोठा झाला आणि कसा फुटला, याविषयी त्यांच्या आठवणी एकमेकींशी जुळत नाहीत. ज्यांचे सहा आवाज एके काळी एकाच आवाजासारखे ऐकू येत, त्यांच्या आठवणींना मात्र एक सूर सापडत नाही. फेख्नर यांनी तो लावून दिला नाही.

येथे वाचकाच्या मनात एक आक्षेप उभा राहील, आणि तो रास्त आहे. ही माणसे परस्परांशी बोललीच नव्हती. संकलनाच्या टेबलावर बसून त्यांचे संभाषण घडवणारा एक माणूस होता, आणि कोणते वाक्य ठेवावे, कोणते टाकावे, कोणाच्या मागून कोणाला बोलू द्यावे, हे तोच ठरवीत होता. मग ही खोटी साक्ष नव्हे काय?

पवित्र शास्त्राच्या इतिहासात या प्रश्नाचे एक जुने रूप आहे. इसवी सनाच्या १७० च्या सुमारास तातियान नावाच्या सिरियन ख्रिस्ती विद्वानाने चारही शुभवर्तमाने एकत्र गुंफून एकच सलग कथा तयार केली. तिला 'दियातेस्सारोन' म्हणतात. सिरियन भाषिक मंडळ्यांनी ती प्रेमाने स्वीकारली व दोनशेहून अधिक वर्षे उपासनेत वाचली. पाचव्या शतकात थिओडोरेट या बिशपांनी आपल्या प्रांतातून तिच्या दोनशेहून अधिक प्रती गोळा करून त्यांच्या जागी चार स्वतंत्र शुभवर्तमाने ठेवली. तातियानाने नवे काही रचले, हा मुख्य प्रश्न नव्हता. त्याची शिवण मात्र इतकी बारीक होती की मत्तय कोठे थांबला व योहान कोठे बोलू लागला, हे ऐकणाऱ्याला कळेना. मंडळीने चार साक्षी शेजारीशेजारी ठेवणे पसंत केले. त्यांचे तपशील जेथे जुळत नाहीत, तेथे ते न जुळताच राहू दिले.

फेख्नर यांनीही शिवण घातली, परंतु ती लपविली नाही. वाक्यांचा क्रम त्यांनी बदलला; वाक्याचा धनी मात्र कधी बदलला नाही. प्रत्येक शब्दामागे तो उच्चारणाऱ्याचा चेहरा, त्याची खोली, त्याच्या भिंतीवरचे चित्र दिसत राहते. मला हा फरक निर्णायक वाटतो.

आपल्या मराठीत 'म्हणे' हा एक चिमुकला शब्द आहे. 'तो म्हणे आजारी होता', 'तिने म्हणे घर विकले'. या एका शब्दाने बोलणारा बातमीही देतो आणि जबाबदारीही झटकतो. जर्मन भाषेत असे ऐकीव बोलणे दाखवण्यासाठी क्रियापदाचे वेगळे रूपच आहे. बहुतेक कुजबूज या 'म्हणे'च्या आश्रयाने जगते. कोण म्हणाले, केव्हा म्हणाले, त्याने स्वतः पाहिले की ऐकले, हे कोणी विचारीत नाही. फेख्नर यांचे चित्रपट म्हणजे 'म्हणे' या शब्दाविना माणसाविषयी बोलण्याचा प्रयत्न होय. जे सांगायचे ते ज्याने पाहिले त्याने, आपल्या तोंडाने, आपल्या नावाने सांगावे. आणि त्याच गोष्टीविषयी वेगळे सांगणारा त्याच्या शेजारी उभा असावा.

क्रम लावणाराही न्याय करीत असतो, हे मी नाकारीत नाही. वाक्यातील शब्द मागेपुढे केले की अर्थाचा भार सरकतो, हा भाषांतराच्या टेबलावरचा माझा रोजचा अनुभव आहे. निर्दोष क्रम नसतोच. म्हणून ज्याने क्रम लावला त्याने 'हे माझे काम आहे' असे कबूल करणे, एवढे तरी त्याच्याकडून अपेक्षिता येते.

मायदानेकच्या खटल्यात

या पद्धतीची खरी कसोटी पुढे लागली. पोलंडमधील लुब्लिन शहराच्या सीमेवर १९४१ ते जुलै १९४४ पर्यंत मायदानेक ही नाझींची छळछावणी होती. तेथील संग्रहालयाच्या इतिहासकाराने २००५ साली प्रसिद्ध केलेल्या संशोधनानुसार तेथे सुमारे ७८,००० माणसे मारली गेली, व त्यांपैकी बहुसंख्य ज्यू होती. ३ नोव्हेंबर १९४३ या एकाच दिवशी तेथे सुमारे १८,००० ज्यूंना गोळ्या घालण्यात आल्या.

या छावणीतील पहारेकऱ्यांवर व अधिकाऱ्यांवर पश्चिम जर्मनीच्या ड्युसेलडॉर्फ शहरात २६ नोव्हेंबर १९७५ रोजी खटला सुरू झाला. तो ३० जून १९८१ पर्यंत चालला. न्यायालय ४७४ दिवस बसले. तीस वर्षांपूर्वीच्या कृत्यांसाठी अमुक आरोपीने अमुक माणसाला मारले, असे नेमके सिद्ध करावे लागत होते. छावणीतून वाचलेल्या वृद्ध स्त्रीपुरुषांना परदेशातून येऊन, ज्या भाषेत त्यांना एके काळी हुकूम दिले गेले त्याच भाषेत चाललेल्या उलटतपासणीला तोंड द्यावे लागत होते. विषारी वायूचे डबे वाहून नेण्याची सक्ती आपल्यावर झाली होती, असे सांगणाऱ्या एका साक्षीदार स्त्रीलाच खुनास साहाय्य केल्याबद्दल अटक करा, अशी मागणी एका बचाव-वकिलाने केली. १९७९ साली चार आरोपी निर्दोष सुटले. अखेरच्या निकालात एका स्त्री-पहारेकऱ्याला जन्मठेप, सात जणांना ३ ते १२ वर्षांचा कारावास आणि एकाची मुक्तता झाली. निकाल ऐकून न्यायालयात संतापाचा उद्रेक झाला.

फेख्नर यांनी या एका कामाला सुमारे आठ वर्षे दिली. सुनावणी चालू असता न्यायालयात चित्रीकरणास परवानगी नव्हती, म्हणून ते न्यायालयाबाहेर माणसांकडे गेले. वाचलेले साक्षीदार, न्यायाधीश, सरकारी वकील, बचाव-वकील आणि आरोपींपैकी काही जण, अशा सर्वांचे बोलणे त्यांनी ऐकले. त्यातून १९८४ साली साडेचार तासांचा, तीन भागांचा 'खटला' हा चित्रपट पूर्ण झाला. त्याच्या लांबलचक उपशीर्षकात त्यांनी आपल्या कामाला 'सत्य' किंवा 'इतिहास' म्हटले नाही, 'मांडणी' म्हटले. मघाशी ज्या कबुलीविषयी लिहिले, ती हीच. हा चित्रपट जर्मन दूरचित्रवाणीच्या मुख्य राष्ट्रीय कार्यक्रमात प्रथम दाखवला गेला नाही. तो प्रादेशिक वाहिन्यांवर गेला. समाजाला काही साक्षी ऐकायच्या असतात, पण उशिरा आणि हळू आवाजात.

आता दुसरा आक्षेप, आणि तो पहिल्याहून कठीण आहे. ज्यांनी मुलांना मरणाकडे नेले, त्यांना दिवाणखान्यात बसवून शांतपणे बोलू द्यावे काय? ज्याने कोणाचेच ऐकले नाही, त्याचे ऐकून घेणे हा मृतांचा अपमान नव्हे काय?

मार्टिन ल्यूथर यांनी १५२९ साली लिहिलेल्या लघु प्रश्नोत्तरावलीत खोट्या साक्षीविषयीच्या आज्ञेचा अर्थ केवळ मनाईपुरता ठेवला नाही. (ही आज्ञा काही मंडळ्या आठवी मोजतात, काही नववी.) शेजाऱ्याची बाजू मांडावी, त्याच्याविषयी चांगले बोलावे आणि त्याच्या कृतीचा शक्य तितका चांगला अर्थ लावावा, असा तिचा आशय त्यांनी सांगितला. जर्मनीतील पिढ्यानपिढ्यांच्या मुलांनी हा अर्थ पाठ केला. मग मायदानेकच्या पहारेकरणीच्या कृत्याचा चांगला अर्थ कसा लावायचा? आणि कोणी तो लावलाच, तर ती त्या मुलांच्या विरुद्ध खोटी साक्ष होणार नाही काय? शेजारी एकच नसतो. एकाविषयी चांगले बोलताना दुसऱ्याचा घात होऊ शकतो, हे त्या आज्ञेचे पाठांतर करताना आपल्या लक्षात येत नाही.

फेख्नर यांच्या चित्रपटात मला या कोंडीतून एक वाट दिसते. ते आरोपीला बोलू देतात; त्याचे वाक्य मोडून त्याला राक्षस करीत नाहीत, किंवा सावरून त्याला दयनीय करीत नाहीत. परंतु त्याला एकट्याला बोलू देत नाहीत. आपल्याला आठवत नाही, असे म्हणणाऱ्याच्या पाठोपाठ ज्याला सारे आठवते तो बोलतो. नकाराच्या शेजारी साक्ष येऊन बसते. छावणीत मारणारा आणि मरणारा यांना समोरासमोर समान भूमीवर बोलणे कदापि शक्य नव्हते. ती भूमी या चित्रपटात उशिरा का होईना, तयार झाली. तेथे दिग्दर्शकाने स्वतः दोषारोप करण्याची आवश्यकता उरत नाही. आरोपीच्या वाक्यावरचा निवाडा शेजारचे वाक्य देते.

चांगला अर्थ लावण्यापूर्वी पूर्ण ऐकावे लागते, आणि दोषी ठरविण्यापूर्वीही पूर्ण ऐकावे लागते, असे मी यातून शिकलो. ऐकणे म्हणजे क्षमा नव्हे. क्षमा करण्याचा अधिकार ज्यांच्यावर अन्याय झाला त्यांचा असतो, आणि त्यांपैकी बहुसंख्य मायदानेकहून परत आले नाहीत. परंतु अपराध्याला आपण राक्षस ठरवून मोकळे झालो, की त्याच्याकडून आपल्याला काही शिकायचे उरत नाही. त्याला आपल्यासारख्याच खुर्चीवर बसून, आपल्यासारख्याच घरगुती भाषेत बोलताना ऐकले, म्हणजे मग भय वाटते. आणि ते भय सत्याच्या अधिक जवळ आहे.

तरीही या पद्धतीला मर्यादा आहे, आणि ती सांगितल्याविना हा लेख मी संपवू नये. मेलेली माणसे कोणत्याही संकलकाला मुलाखत देत नाहीत. 'खटला' पाहताना एवढे आवाज ऐकू येतात की, जे आवाज नाहीत त्यांचा विसर पडण्याचा संभव असतो. क्लारा हायडेब्रेकच्या चित्रपटातही सर्व जण बोलतात. ती स्वतः बोलत नाही. आपली साक्ष कितीही प्रामाणिक असली तरी तिच्या मध्यभागी एक रिकामी जागा राहते. ती आपल्या शब्दांनी भरून काढण्याचा मोह न होणे, हीही सचोटीच आहे.

रिकामी खुर्ची

फेख्नर यांच्या अखेरच्या कामांपैकी एक १९९१ च्या सुमाराचे आहे. युद्धानंतर भुकेने व्याकुळ होऊन पूर्व प्रशियातून लिथुआनियाकडे भटकत गेलेल्या अनाथ मुलांना जर्मन लोक 'लांडग्यांची पोरे' म्हणत. त्यांतील ताटातूट झालेल्या भावंडांची हकीकत त्या अनुबोधपटात आहे. तेथेही पद्धत तीच: प्रत्येकाने आपल्याला आठवते तेवढेच सांगावे. ७ ऑगस्ट १९९२ रोजी हॅम्बर्ग येथे फेख्नर यांचे निधन झाले. त्यांच्या साऱ्या कारकिर्दीत काही शेकडा माणसे बोलली असतील. त्यांत ते स्वतः फार थोडे बोलले.

मला माझ्या स्मरणसभेतील चार शब्दांकडे परत गेले पाहिजे. त्या भगिनींविषयी मी वाईट बोललो नाही, ल्यूथरच्या अर्थाने कदाचित चांगलेच बोललो. पण मी त्यांना ऐकले नव्हते, आणि ज्यांनी ऐकले होते त्यांना विचारलेही नव्हते. त्यांच्या रागाला काही कारण असले पाहिजे. ते कारण आमच्या मंडळीत असणेही शक्य आहे. 'शांत होत्या' या माझ्या शब्दाने तो राग दुसऱ्यांदा पुरला गेला. गोड खोट्या साक्षीचा तोटा मृताला होतो तसा जिवंतांनाही होतो, कारण त्यांना ज्याचे उत्तर द्यायला हवे होते, तो प्रश्नच ती पुसून टाकते.

गेल्या वर्षी दुसऱ्या एका गृहस्थांच्या स्मरणसभेत बोलण्याची विनंती मला पुन्हा झाली. मी पाळकसाहेबांना म्हणालो की मी त्यांना रविवारच्या नमस्कारापलीकडे ओळखत नाही. ओळखणारे तिघे शोधून देतो. एक त्यांच्यासोबत तीस वर्षे नोकरी केलेले वृद्ध सहकारी होते, एक शेजारीण आणि एक धाकटा भाऊ. प्रत्येकाने स्वतः पाहिलेले एकच सांगावे, एवढीच माझी विनंती होती. सहकाऱ्यांनी सांगितले की ते हिशेबात एका पैशाचीही चूक सहन करीत नसत आणि त्यामुळे कार्यालयात फारसे कोणाला आवडत नसत. शेजारीण म्हणाली की त्यांनी तिच्या मुलाला रोज संध्याकाळी गणित शिकवले आणि एकदा त्याच्यावर हातही उगारला. भावाला थोडा वेळ बोलताच येईना. मग तो म्हणाला की दादांशी त्याचे सहा वर्षे बोलणे नव्हते. कारण काय झाले होते ते तो सांगू इच्छित नाही, पण चूक दोघांची होती.

सभा अवघडली. काहींना ते रुचले नाही, आणि पाळकसाहेबांनी प्रार्थना थोडी लवकर सुरू केली, असे मला वाटले. परंतु बाहेर पडताना लोक पायऱ्यांवर थांबून त्या गृहस्थांविषयी एकमेकांना काही काही सांगत राहिले. धाकटा भाऊ एका बाजूला उभा होता. शेजारणीचा मुलगा त्याच्याकडे गेला आणि आपली जुनी गणिताची वही त्याला दाखवू लागला.